बुरशी

दुरुस्तीवाला म्हणाला, लेन्स टाकून द्या,
बुरशीनं आतून धरलीय.
उजेडाकडं धरली तर आचऱ्याची खाडीच दिसते हो:
मधे जाड प्रवाह, त्याला फाटे, फाट्यांना फाटे,
आणि टोकाला नुसता चिखल.

एकतीस पावसाळे तिला तांदळाच्या डब्यात निजवली,
वर पंधराचा बल्ब.
बायको म्हणायची, पोराला एवढं जपलं नाहीस.
खरंय. पोराच्या बारशाला मी
तांबळडेगला कासवाच्या अंड्यांवर बसलो होतो,
म्हणजे शेजारी, बॅटरीला लाल कागद लावून.

कमाईचं विचाराल तर पहिली दोन वर्षं लग्नं.
मालवण, कट्टा, पोईप.
नवरीच्या डोळ्यातलं पाणी मोठं करून दाखवायचे
पन्नास रुपये जास्त.
मग सरकारी फिल्म: कोळंबी पाळा.
लोकांनी तळी खणली, कोळंबी मेली,
फिल्म अजून तालुक्याच्या कपाटात ठणठणीत आहे.

त्या साली माघात दोन कामं एकदम आली.
एक बाहेरच्या चॅनेलचं, पक्ष्यांवर.
फॅक्समध्ये लिहिलेलं: फ्रेममध्ये माणूस नको.
दुसरं एका संस्थेचं, खाडीतल्या बायकांवर.
त्यांचं म्हणणं, पक्षीबिक्षी टाळा, विषय भरकटतो.

सहाची सुकती दोघांना एकच.
कोरल वाकडी चोच चिखलात मुळापर्यंत खुपसायची,
शेवंती तारी कोयत्यानं मुळे उकरायची,
मधे वीस हात.
मी निळ्या लेबलाची टेप घातली,
मग लाल,
मग परत निळी.
खांदा तेवढा वळवायचा.
दोन्हीकडून पैसे वेळेवर आले.

गेल्या महिन्यात बर्फाच्या कारखान्याच्या भिंतीवर
जुन्या फिल्म लावल्या.
शेवंती पुढं बसलेली, नातवाच्या खुर्चीत, पाय वर घेऊन.
कोरल आली, चालली, उडाली. पोरांनी टाळ्या वाजवल्या.
ती म्हणाली, "आणि मी खंय आसंय?"

काकी, ही पक्ष्यांची. तुमची नंतर आहे.

"नाय. ह्याच सकाळची गजाल.
तू माका म्हणालंस, काकी, जरा बाजूक रव.
मी रवलंय. ढोपराभर चिकलात.
तुजा पाखरू येयसर पाणी चढला.
त्या दिवशी अर्धीच पाटी."

मला त्या सकाळचा उजेड आठवत होता.
कोवळा, तिरका, पाण्यावर जेमतेम टेकलेला.
चिखलातली बाई आठवत नव्हती.

फिल्मवर बासरी होती. संकलकाला आवडायची.
घरी येऊन निळी टेप काढली, कच्ची,
हेड पुसले, नुसता आवाज लावला.
वारा. लांब होडीचं इंजिन. माझा खोकला.
आणि त्या सगळ्याखाली, चित्राच्या बाहेर कुठंतरी,
खळ्ळ.
थांबून, खळ्ळ.

दुसऱ्या दिवशी तिच्या पडवीत गेलो,
हेडफोन लावून दिला.
तिनं डोळे मिटले. बोट वर केलं.
"ह्यो माज्या पाटयेचो आवाज."
मग म्हणाली, परत लाव.

चाळीस मिनिटं ऐकत राहिली.
मधेच, हंय वारो फिरलो.
मधेच हसली, कशाला ते सांगितलं नाही.
शेवटी शेवटी खळ्ळ येईना, पाण्याचाच आवाज,
तरी काढला नाही कानावरून.

मग विचारलं,
त्या पाखराचे तुका किती गावले?

मी आकडा सांगितला. खरा.

तिनं हेडफोन काढला,
वायर बोटांवर गरीच्या दोरीसारखी गुंडाळली,
गाठ पडू न देता,
आणि माझ्या हातात दिली.